चार मेणबत्त्या आणि आमचे 'हे'

मैत्रिणींनो, चारचौघांत सगळे पोट धरधरून हसताहेत आणि आपल्याला विनोदच कळलेला नाही, असा प्रसंग तुमच्यावर कधी आलाय का? अशा वेळी आपण काय करतो? आपणही हसतो. पदर तोंडाला लावून, मान जराशी खाली घालून. मी तर या कलेत एके काळी इतकी तरबेज झाले होते, की कोणी मला परीक्षेला बसवलं असतं तर पहिला वर्ग नक्की होता.

गोष्ट १९७६ सालची. लग्न होऊन वर्ष झालं होतं. हे डॉक्टर, सहा महिने आधीच इंग्लंडला गेले होते आणि जुलैत मी सातारहून पापड, मेतकूट नि पोळपाट-लाटणं घेऊन वुल्व्हरहॅम्प्टनला पोचले. इंग्लंड म्हणजे थंडी, म्हणून सासूबाईंनी दोन स्वेटर विणून दिले होते. पण १९७६ चा उन्हाळा तिकडचा गाजलेला उन्हाळा! गवत वाळून पिवळं पडलेलं, बागेला नळीने पाणी घालायला बंदी, आणि दुष्काळासाठी म्हणून सरकारने खास मंत्री नेमलेला. मी मनात म्हटलं, माणदेशातली माणसं इथे आणली पाहिजेत, चार गोष्टी शिकवतील.

आम्ही टीव्ही भाड्याने घेतला. तेव्हा तिकडे बहुतेक घरांत भाड्याचाच टीव्ही असे. मी सातारला कधी टीव्ही पाहिलेलाच नव्हता. मुंबईत तो १९७२ साली सुरू झाला होता, पण आमच्या गल्लीत त्याची नुसती वार्ता होती. शनिवारी संध्याकाळी बीबीसीवर 'द टू रॉनीज' नावाचा कार्यक्रम लागायचा. रॉनी बार्कर आणि रॉनी कॉर्बेट, दोन रॉनी. एक जाडजूड आणि एक जेमतेम पाच फूट एक इंच. दोघेही चष्मेवाले. सुरुवातीला दोघे टेबलामागे बसून बातम्या वाचल्यासारखं करत, पण बातम्या सगळ्या खोट्या. मग छोटी छोटी प्रहसनं, एखादं गाणं, आठवड्या-आठवड्याने पुढे सरकणारी एक गोष्ट. शेवटी पुन्हा टेबलामागे येऊन एक म्हणणार 'माझ्याकडून शुभरात्री', आणि दुसरा पहिल्याकडे बोट करून म्हणणार 'याच्याकडूनही शुभरात्री'. १९७१ पासून १९८७ पर्यंत हा कार्यक्रम चालला. त्या काळी शनिवारी जवळजवळ सगळा देश त्याच्यापुढे बसलेला असे म्हणा ना.

त्यातला धाकटा रॉनी मला लगेच आवडला. तो एका भल्यामोठ्या खुर्चीत एकटाच बसायचा, पाय जमिनीला टेकतात की नाही अशी शंका यावी इतका लहान दिसायचा, आणि एक साधा विनोद सांगायला घ्यायचा. पण तो विनोद संपेल तर शपथ! मध्येच बायकोची गोष्ट, मग निर्मात्याची, मग शेजाऱ्याची. आपण म्हणावं आता हा हरवला, तर हा पाच मिनिटांनी बरोब्बर मूळ जागी परत. आमच्याकडचे कीर्तनकारबुवा नाहीत का, पूर्वरंगातून कुठल्या कुठे जातात आणि मग अभंगाच्या चरणावर अलगद येऊन उतरतात, तसं. सगळे शब्द कळले नाहीत तरी ती चाल मला कळत होती. (पुढे वाचलं, की हे बोलणं तो उत्स्फूर्त करतोय असं वाटलं तरी ते लिहिलेलं असे. आधी स्पाइक मलिन्स नावाचे लेखक लिहीत, नंतर डेव्हिड रेनविक.)

मोठ्या रॉनीचं मात्र अवघड होतं. त्याचा सगळा खेळ शब्दांचा.

आणि मग ती ४ सप्टेंबरची रात्र आली. ह्यांच्या बरोबरच्या एका गोऱ्या डॉक्टरांकडे आम्हाला जेवायला बोलावलं होतं. जेवण झालं, टीव्ही लागला. त्या दिवशी जे प्रहसन दाखवलं ते पुढे इतकं प्रसिद्ध झालं, की आजही इंग्लंडमध्ये कुणाला नुसतं 'फोर कँडल्स' म्हटलं की त्याच्या चेहऱ्यावर हसू येतं. दुकान लोखंडी सामानाचं, म्हणजे आपल्याकडचं हार्डवेअरचं. गल्ल्यामागे कॉर्बेट. गिऱ्हाईक म्हणून बार्कर येतो, हातात यादी. तो म्हणतो, फोर कँडल्स. दुकानदार चार मेणबत्त्या काढून ठेवतो. गिऱ्हाईक म्हणतो, छे छे, हे नव्हे. आणि खोलीत हास्याचा असा स्फोट झाला की बस्स. मी इकडे तिकडे पाहिलं. हे मान मागे टाकून हसत होते. मीही हसले.

पुढे प्लग मागितला, तर दुकानदाराने मोरीच्या भोकाला लावायचं रबरी बूच काढलं. गिऱ्हाइकाला हवा विजेचा. असं एकेक सुरू. दुकानदाराच्या शिडीवर चकरा, घामाघूम. मी प्रत्येक वेळी बाकीच्यांच्या अर्धा क्षण मागून हसत होते. यजमानीणबाईंच्या ते लक्षात आलं असावं. बाई चांगल्या होत्या. त्यांनी हळूच ह्यांना विचारलं, "यांना कळलं का हो?" आणि हे म्हणाले, "छे, तिला नाही कळायचं. आत्ताच आलीये ना."

खरं तेच म्हणाले. पण मैत्रिणींनो, ते वाक्य मला असं काही झोंबलं! परत येताना बसमध्ये मी एक शब्द बोलले नाही. कळत नाही तर नाही, पण 'तिला नाही कळायचं' म्हणजे काय? मॅट्रिकला इंग्रजीत बासष्ट मार्क होते मला.

त्याच आठवड्यात स्वैपाकघरातला नळ गळायला लागला. नुकताच कुठे पाऊस सुरू झाला होता, पेपरात पाणी जपा, पाणी जपा, आणि आमच्याकडे टप् टप् टप्. हे सकाळी सातला जाणार ते रात्री येणार. मी म्हटलं, नळाचा वायसर आपणच आणू. तेवढं आपल्याला येतं. कोपऱ्यावर दुकान होतं, थेट त्या टीव्हीतल्यासारखं. खोकी, खिळे, दोऱ्या, बादल्या. गल्ल्यामागे एक म्हातारा. मी म्हटलं, "वायसर, प्लीज."

म्हातारा आत गेला आणि एक भलंमोठं लोखंडी धूड उचलून घेऊन आला. सुतार-लोहार वस्तू पकडून ठेवायला वापरतात तो वाईस! मी 'नो, नो' करत नळ फिरवल्याची खूण केली. तेव्हा त्याला उमगलं. मग त्याने विचारलं, "आफिंच, लव्ह?"

एक तर परक्या माणसाने 'लव्ह' म्हणावं याचाच मला घाम फुटला. (तिकडे भाजीवाल्यापासून बसच्या कंडक्टरपर्यंत सगळेच बायकांना तसं म्हणतात, आपल्याकडे 'ताई' म्हणावं तसं, हे मागाहून कळलं.) आणि हे 'आफिंच' काय असेल? त्याने दोन वायसर काढून गल्ल्यावर ठेवले, एक लहान, एक मोठा. लहानाकडे बोट दाखवून पुन्हा म्हणाला, आफिंच. हाफ इंच! अर्धा इंच! म्हाताऱ्याने 'ह' गिळून टाकला होता. 'हॉट'ला 'ऑट', 'हुक'ला 'उक', 'हॅमर'ला 'ॲमर'.

आणि तिथे उभ्या उभ्या माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. हँडल्स. 'ह' काढा. अँडल्स. फोर्क अँडल्स, फोर कँडल्स! त्या गिऱ्हाइकाला मेणबत्त्या नको होत्या, बागेत माती उकरायचा काटा असतो ना, त्याचे दांडे हवे होते! मी त्या दुकानात एकटीच मोठमोठ्याने हसायला लागले. म्हातारा बघतच राहिला. मी म्हटलं, "फोर कँडल्स." तोही हसायला लागला, गल्ल्यावर हात आपटून. त्यानेही शनिवारी पाहिलं होतं. परक्या देशात माझं खरं असं ते पहिलं हसू.

रात्री हे आले. मी पान वाढलं आणि फुशारकीने सांगितलं, "तुमचं ते फोर कँडल्स मला कळलं बरं का." आणि 'ह'ची सगळी हकीकत सांगितली. मला वाटलं, हे म्हणतील वा वा. पण हे घास हातात धरून गप्पच बसले. मग म्हणाले, "म्हणजे ते असं होतं होय?"

मैत्रिणींनो, ह्यांनाही कळलं नव्हतं! मान मागे टाकून जे हसत होते ते माझ्यासारखेच, बाकीच्यांचं बघून!

मी हसणार होते, पण ह्यांचा चेहरा पाहिला आणि हसू जिरलं. त्या रात्री हे पहिल्यांदा बोलले. सहा महिने वॉर्डात रोग्यांचं बोलणं धड कळत नव्हतं. पुस्तकातलं इंग्रजी वेगळं, मोठ्या डॉक्टरांचं वेगळं, आणि खाटेवरच्या म्हाताऱ्या बाईचं तिसरंच. एक आजीबाई कण्हत सांगत होत्या की त्यांचा 'ईल' दुखतोय. ईल म्हणजे वाम मासा. ह्यांना वाटलं, मासा खाऊन पोट बिघडलं. ह्यांनी गंभीरपणे विचारलं, कधी खाल्ला होता? परिचारिका तोंड फिरवून उभी राहिली. आजीबाई सांगत होत्या 'हील', म्हणजे टाच! दुसऱ्या दिवशी सगळ्या वॉर्डात ती गोष्ट झाली होती. नोकरी सहा-सहा महिन्यांच्या मुदतीची, पुढची मुदत वरिष्ठांच्या शेऱ्यावर. आणि घरी पत्र काय जायचं? 'येथे सर्व उत्तम आहे, भाषेची अडचण मुळीच नाही.' मला काय सांगणार? बायकोपुढे साहेब व्हायचं होतं ना.

'तिला नाही कळायचं' हे वाक्य कुणाबद्दल होतं, हे मला तेव्हा कळलं.

दुसऱ्या दिवशी मी शाळेच्या मुलांसारखी एक वही आणली. डाव्या बाजूला लोक बोलतात ते, उजव्या बाजूला खरा शब्द. ईल म्हणजे हील, एड म्हणजे हेड, अँड म्हणजे हँड. दिवसभर मी बाजारात, बसथांब्यावर, कपडे धुण्याच्या दुकानात कान टवकारून हिंडायची आणि शब्द गोळा करून आणायची, बाया सोलाणा नि मेथी निवडून आणतात तशी. हे वॉर्डातून आणायचे. शनिवारी वही मांडीवर घेऊन आम्ही दोन रॉनी बघायचो. पुन्हा लावून बघायची सोय तेव्हा नव्हती, एकदा सुटला की सुटला. त्यामुळे एकाने ऐकायचं आणि दुसऱ्याने लिहायचं. ह्यांची मुदत वाढली. वही अजून आहे, पानं पिवळी पडलीत.

आता सगळंच काही वाखाणण्यासारखं होतं असं नाही हं. बाईच्या अंगाकडे बघून केलेले चावट विनोद फार, आणि प्रहसनातल्या बायकांना कपडेही बेताचेच. मला ते कधी आवडलं नाही, ह्यांच्या शेजारी बसून बघताना तर नाहीच. १९८० साली त्यांनी एक मालिकाच केली, 'द वर्म दॅट टर्न्ड'. काळ २०१२ चा. इंग्लंडवर बायकांचं राज्य आलंय, पुरुषांना झगे घालून घरकाम करावं लागतंय, आणि बिग बेनचं नाव बिग ब्रेंडा ठेवलंय! डायना डॉर्स त्यात बायकांची सेनापती होती. हे खदाखदा हसले. मी म्हटलं, "भांडी घासणारा पुरुष दिसला की एवढं हसू येतं? मग मी रोज घासते तेव्हा हसत नाही ते?" त्या रात्री ह्यांनी मुकाट्याने भांडी घासली. एक कप फोडला, पण घासली. आणि त्याच बीबीसीवर १९७८ पर्यंत गोरे लोक तोंडाला काळं फासून गाणी म्हणायचे, तोही मोठा लोकप्रिय कार्यक्रम होता. असे त्या काळचे विनोद. आपण रंगाने सावळे. ते लागलं की आम्ही टीव्ही बंद करायचो.

मोठ्या रॉनीची एक गोष्ट मात्र मला फार आवडते. दोघांची जोडी जमण्याआधी, डेव्हिड फ्रॉस्टच्या कार्यक्रमात काम करत असताना, जेराल्ड वायली नावाच्या कुणा लेखकाकडून सुरेख प्रहसनं येऊ लागली. हा वायली कुणी पाहिलेला नाही. सगळ्यांचे तर्क चालले, अमका मोठा नाटककार असेल, तमका असेल. कॉर्बेटला एक प्रहसन इतकं आवडलं की त्याचे हक्क त्याने मागितले, ते वायलीने फुकट देऊन टाकले, तेव्हा कॉर्बेटने उपकारादाखल काचेचे उंची पेले पाठवले. शेवटी वायलीने सगळ्यांना एका चिनी हॉटेलात जेवायला बोलावलं. बार्कर उभा राहून म्हणाला, वायली तो मीच. कुणी विश्वासच ठेवीना! आपलं लिखाण आपण नट आहोत म्हणून नव्हे, चांगलं आहे म्हणून घेतलं जावं, यासाठी हा खटाटोप. मध्ये मध्ये तो स्वतःच वायलीच्या लिखाणाला नावंही ठेवायचा, संशय येऊ नये म्हणून. 'फोर कँडल्स'ही त्याने वायली याच नावाने लिहिलेलं. दुसऱ्याचं नाव घेऊन साहेब होणारे पुष्कळ. हा गृहस्थ आपलं नाव लपवत होता.

आम्ही १९८१ ला परत आलो. ह्यांनी दवाखाना थाटला. आमच्या महिला मंडळाच्या कोजागिरीला दर वर्षी काहीतरी बसवायचं असे. मी म्हटलं, हार्डवेअरच्या दुकानाचं बसवू. पण मेणबत्त्यांचं मराठीत होणार कसं? 'ह' गिळून आपल्याकडे काही होत नाही. आठ दिवस मी पोळ्या लाटताना त्याच विचारात. मग एकेक सापडू लागलं. गिऱ्हाईक म्हणतं, कडी द्या. दुकानदार म्हणतो, कढी इथे नाही, पलीकडे खानावळीत. अहो दाराची कडी! मग, पाने द्या. विड्याची का? अहो नटबोल्ट पिळायचे पाने! पट्टी हवी. दुकानदार विचारतो, जखमेची, मोजायची, का घरपट्टी? घरपट्टी असेल तर नगरपालिकेत. आणि शेवटी, तार आलीय का? म्हटल्यावर दुकानदार मटकन खाली बसतो, त्या काळी तार म्हटलं की काळजात धस्स व्हायचं ना! अहो कपडे वाळत घालायची तार! दुकानदार मी झाले होते, ह्यांचं धोतर नेसून. बायका हसून हसून डोळे पुसत होत्या आणि मागे भिंतीला टेकून हे उभे होते. या खेपेला ह्यांना कळत होतं.

तशी आता पन्नास वर्षं होत आली. सगळे भाग आता नातीच्या मोबाइलवर मिळतात, हवे तेव्हा थांबवा, मागे न्या. ह्यांना मात्र ऐकू कमी येतं. कानाचं यंत्र आणलंय, ते कपाटात विश्रांती घेतंय. दोन रॉनींचं आणखी एक प्रहसन आहे, १९८० सालचं. प्रश्नमंजूषेत कॉर्बेट बसलेला, आणि दर वेळी तो आत्ताच्या प्रश्नाचं नाही, आधीच्या प्रश्नाचं उत्तर देणार. आमच्याकडे ते रोज चालतं. मी विचारते, "चहा घेणार?" उत्तर नाही. मी विचारते, "वीजबिल कुणी भरलं?" हे म्हणतात, "हो, अर्धा कप." मी विचारते, "फोन कुणाचा होता?" हे म्हणतात, "मीच, काल." पूर्वी मी चिडायची. एक दिवस मी त्यांना मोबाइलवर तेच प्रहसन दाखवलं, आवाज पुरा मोठा करून. हे बघत राहिले. मग उठले, कपाट उघडलं आणि यंत्र काढून कानात घातलं. आठवड्यातून चार दिवस तरी घालतात आता.

बार्कर २००५ साली गेला. त्याच्या आधी सतरा-अठरा वर्षं, ऐन बहरात असताना, त्याने काम सोडलं होतं आणि चिपिंग नॉर्टन नावाच्या गावी जुन्यापुराण्या वस्तूंचं दुकान काढलं होतं. खऱ्या गिऱ्हाइकांचं, खऱ्या गल्ल्याचं. २००६ च्या मार्चमध्ये लंडनला वेस्टमिन्स्टर ॲबीत त्याच्यासाठी प्रार्थना झाली. तिथल्या रिवाजाप्रमाणे क्रुसाबरोबर दोन मेणबत्त्या मिरवतात. त्या दिवशी चार होत्या. कॉर्बेट २०१६ साली गेला, त्याच्या अंत्यविधीच्या वेळीही चर्चमध्ये चार मेणबत्त्या लावल्या होत्या. नातीने मला ती बातमी वाचून दाखवली आणि विचारलं, "आजी, चारच का गं?" तिला सांगायला बसले. फोर्क, हँडल्स, 'ह' काढायचा, म्हाताऱ्याचं दुकान, वायसर, ईल. तासभर गेला. मीही त्या खुर्चीतल्या कॉर्बेटसारखी कुठल्या कुठे जाऊन आले. तोवर हे आतून आले, यंत्र कानात होतं, आणि म्हणाले, "वही दाखवलीस का तिला?"

रात्री दिवा मालवताना आमचा एक रिवाज आहे, वुल्व्हरहॅम्प्टनपासूनचा. मी म्हणते, माझ्याकडून शुभरात्री. आणि मग ह्यांच्याकडे बोट करते. ह्यांनी यंत्र काढून ठेवलेलं असतं, ऐकू काहीच येत नाही. पण बोट दिसतं, आणि हे आपलं वाक्य बरोबर म्हणतात.